सजातीय पदांची बेरीज : बीजगणिताचा पहिला उंबरठा



एका गणितशिक्षकाच्या पुण्यस्मरणार्थ चालणाऱ्या या व्याख्यानमालेत गणिताचाच विषय घ्यावा, हे उचितच आहे. परंतु अनंताचे गूढ, शून्याचा शोध किंवा मूळ संख्यांचे वैचित्र्य असे दिपवून टाकणारे विषय बाजूस ठेवून, इयत्ता सहावी-सातवीच्या पुस्तकातील एक साधे प्रकरण मी आज निवडले आहे. ‘सजातीय पदे एकत्र करून सरळ रूप द्या’ या एका ओळीच्या सूचनेखाली त्या इयत्तांतील मुले शेकडो उदाहरणे सोडवितात. वरवर पाहता यात समजावून सांगण्यासारखे काय आहे, असे वाटेल. तथापि गणित आणि विद्यार्थी यांची फारकत बहुधा याच ठिकाणी होते. अंकगणितात उत्तम गुण मिळविणारा मुलगा येथे अडखळतो, नियम तोंडपाठ करून वर्ष निभावून नेतो आणि पुढे नववी-दहावीत ‘मला गणित येत नाही’ असे स्वतःविषयीच ठरवून टाकतो. समीकरणे, बहुपदी, अवयव, पुढे कलनशास्त्र, या सर्वांची वाट या एकाच उंबरठ्यावरून जाते. म्हणून हा उंबरठा नीट न्याहाळणे अगत्याचे आहे.

१. प्रथम भाषा

बीजगणित ही एक भाषा आहे. तेव्हा तिचे व्याकरण आधी पाहू. ‘७क्ष + ४ − ३क्ष + ९’ या लेखनाला आपण बैजिक राशी म्हणतो. अधिक-उणे चिन्हांनी वेगळे झालेले तिचे प्रत्येक घटक म्हणजे पदे. येथे ७क्ष, ४, −३क्ष आणि ९ अशी चार पदे आहेत. क्ष हा चल. त्याच्या मागचा अंक हा सहगुणक. आणि चल नसलेले ४ व ९ ही स्थिर पदे. ज्या पदांत चल तेच आणि त्या चलांचे घातांकही तेच असतात, ती सजातीय पदे. एरवी ती विजातीय.

येथे तीन बारकावे लक्षात ठेवावेत. पहिला असा की, चिन्ह हे त्याच्या पुढील पदाचे असते. ‘− ३क्ष’ मधील उणे चिन्ह मागच्या ४ चे नव्हे, तर ३क्षचे आहे. पदे इकडची तिकडे मांडताना चिन्ह पदाबरोबर गेले पाहिजे. गायीबरोबर वासरू जाते तसे. दुसरा असा की, नुसत्या क्षचा सहगुणक १ असतो आणि −क्षचा −१; तो लिहीत नाहीत, म्हणून तो नाही असे नव्हे. तिसरा असा की, गुणाकारात क्रमाला महत्त्व नसल्यामुळे ५क्षय आणि ३यक्ष ही सजातीय पदे होत व त्यांची बेरीज ८क्षय येते. परंतु क्ष²य आणि क्षय² ही दिसायला सख्ख्या भावंडांसारखी असली तरी विजातीय आहेत. क्ष = २ आणि य = ३ घेतल्यास पहिल्याची किंमत १२ व दुसऱ्याची १८ येते.

‘सजातीय’ या शब्दाविषयीही थोडे सांगावयास हवे. यातील ‘जाती’ म्हणजे प्रकार. समाजातील जातिभेदाशी तिचा सुतराम संबंध नाही. आपल्या माळव्यातील मराठी घरांतील मुलांपुढे आणखी एक अडचण असते. घरी आजोबा ‘सजातीय पदे’, ‘सहगुणक’, ‘चल’, ‘बैजिक राशी’ म्हणतात आणि शाळेच्या हिंदी पुस्तकात ‘समान पद’, ‘गुणांक’, ‘चर’, ‘व्यंजक’ असे शब्द येतात. मुलाला वाटते की ही दोन वेगळी गणिते आहेत. पालकांनी अशा वेळी दोन्ही शब्द शेजारी-शेजारी लिहून दाखवावेत. शब्द बदलला तरी कल्पना बदलत नाही, हे मुलाला ज्या दिवशी उमगते त्या दिवशी त्याला क्ष या अक्षराचेही निम्मे रहस्य उलगडते. कारण नाव वेगळे आणि वस्तू तीच, हेच तर बीजगणिताचे मर्म आहे.

२. आंबे आणि केळी यांचा दृष्टान्त

हे प्रकरण शिकविताना एक दृष्टान्त सर्वत्र वापरला जातो. पाच आंबे आणि तीन आंबे मिळून आठ आंबे होतात; पण पाच आंबे आणि तीन केळी मिळून आठ आंबेही होत नाहीत आणि आठ केळीही होत नाहीत; म्हणून ५अ + ३अ = ८अ, आणि ५अ + ३क तसेच ठेवावयाचे. दृष्टान्त सुबोध आहे, मुलांना तो आवडतो आणि पहिल्या दिवसापुरता तो उपयोगीही पडतो. परंतु त्याच्यात एक विषबीज दडलेले आहे, ते शिक्षकाने ओळखले पाहिजे.

या दृष्टान्ताने मुलाच्या मनात अ म्हणजे आंबा हे समीकरण पक्के होते. वास्तविक अ ही वस्तू नव्हे, ती संख्या आहे. फार तर आंब्यांची संख्या किंवा एका आंब्याची किंमत असे म्हणता येईल. आंबा मात्र म्हणता येणार नाही. हा भेद क्षुल्लक वाटतो, पण आठ दिवसांनी अ × अ येते तेव्हा मूल विचारते, ‘आंबा गुणिले आंबा म्हणजे काय?’ आणि त्या प्रश्नाला उत्तर नसते. पुढे ‘एका आंब्याची किंमत अ रुपये असेल तर ५ आंब्यांची किंमत किती?’ या साध्या प्रश्नातही ते गोंधळते. ५अ म्हणजे पाच आंबे की पाच आंब्यांचे पैसे, हे त्याला सांगता येत नाही. अशा रीतीने सोपे करण्याच्या भरात आपण पुढची वाट बिकट करून ठेवतो.

त्यापेक्षा जुने माप-नाणे अधिक इमानी आहे. दशमान नाणेपद्धती १ एप्रिल १९५७ रोजी सुरू झाली. त्यापूर्वी शिकलेल्या पिढीला रुपये-आणे-पैची बेरीज आठवत असेल. ३ रुपये ७ आणे ५ पै यांत २ रुपये ५ आणे ४ पै मिळविले, तर ५ रुपये १२ आणे ९ पै होतात. रुपयाखाली रुपये, आण्याखाली आणे, पैखाली पै. रुपया, आणा आणि पै या तीन ‘जाती’ वेगळ्या राहतात. मात्र प्रत्येकीला स्वतःची किंमत आहे. क्ष हाही असाच अज्ञात किमतीच्या नाण्यासारखा आहे. ५क्ष म्हणजे त्या नाण्याच्या किमतीची पाच पट. या मांडणीत अक्षर संख्याच राहते, वस्तू होत नाही.

३. नियमाचे खरे कारण

आता मुख्य प्रश्न. ५क्ष + ३क्ष = ८क्ष का? याचे उत्तर ‘पुस्तकात तसे आहे म्हणून’ असे नसून, वितरण गुणधर्मामुळे, असे आहे. कोणत्याही तीन संख्या घेतल्या तरी त्यांतील दोहोंच्या बेरजेला तिसरीने गुणणे आणि प्रत्येकीला वेगवेगळे गुणून नंतर मिळविणे, यांचे फळ एकच येते. म्हणून

५क्ष + ३क्ष = (५ + ३)क्ष = ८क्ष.

डोळ्यांपुढे चित्र हवे असेल तर क्ष फूट रुंदीच्या दोन पट्ट्या कल्पाव्यात. एक ५ फूट लांब, दुसरी ३ फूट लांब. रुंदी सारखी असल्यामुळे त्या टोकाला टोक जोडता येतात आणि ८ फूट लांबीची एकच पट्टी तयार होते. रुंदी किती, हे ठाऊक असण्याची गरजच पडली नाही. न मोजलेल्या रुंदीच्या पट्ट्यांविषयी आपण एक निश्चित विधान केले. अज्ञाताला अज्ञात ठेवूनही त्याच्याविषयी निश्चित बोलता येते, हे बीजगणिताचे सामर्थ्य आहे.

मग ५क्ष + ३ यांचे काय? येथे ३ मध्ये क्ष हा सामाईक अवयव नाही, म्हणून कंसाबाहेर काढण्यास काही उरत नाही. ती राशी आहे तशीच ठेवावी लागते. क्ष² आणि क्ष यांची गोष्टही विचार करण्याजोगी आहे. क्ष² हा क्ष बाजूचा चौरस आहे आणि क्ष ही क्ष लांबीची व १ रुंदीची पट्टी. एका चौरसात अशा किती पट्ट्या मावतील? क्ष इतक्या, आणि क्ष किती हे तर आपल्याला ठाऊकच नाही! म्हणून चौरसांचे पट्ट्यांत रूपांतर करून निश्चित आकडा सांगता येत नाही. क्ष² + क्ष = क्ष(क्ष + १) असे लिहिता येते हे खरे, परंतु ते अवयव पाडणे झाले; ज्याचा सहगुणक ज्ञात संख्या आहे असे एकच पद त्यातून मिळत नाही.

येथे आपल्या नित्याच्या बेरजेशी एक सुंदर नाते दिसते. ३४७ म्हणजे ३ शतक, ४ दशक, ७ एकक. क्ष म्हणजे १० मानले तर हीच संख्या ३क्ष² + ४क्ष + ७ होते. तीत २८६, म्हणजे २क्ष² + ८क्ष + ६, मिळवू. सजातीय पदे एकत्र केल्यावर ५क्ष² + १२क्ष + १३ येतात. क्षच्या जागी १० घातल्यास ५०० + १२० + १३ = ६३३; हातचे घेऊन केलेल्या बेरजेचे उत्तरही हेच. म्हणजे शतकाखाली शतक आणि दशकाखाली दशक मांडताना दुसरी-तिसरीतील मूल सजातीय पदेच मिळवीत असते. फरक एवढाच की, दहा एककांचा एक दशक होतो हे ठाऊक असल्यामुळे तेथे हातचा घेता येतो. बीजगणितात क्षची किंमत अज्ञात असल्यामुळे हातचा नाही. अंकगणित ज्याला आधीपासून येते त्याला बीजगणित परके नाही, हे मुलांना असे दाखवून द्यावे.

४. इतिहासाचे साक्षीदार

हा नियम अलीकडचा नाही. ब्रह्मगुप्तांनी इ. स. ६२८ मध्ये रचलेल्या ‘ब्राह्मस्फुटसिद्धान्त’ या ग्रंथाच्या अठराव्या अध्यायात तो स्पष्टपणे सांगितला आहे. अव्यक्त राशी, त्यांचे वर्ग, घन व वरचे घात यांपैकी जे तुल्य असतील त्यांचीच बेरीज-वजाबाकी करावी आणि जे अतुल्य असतील ते पृथक् मांडावेत, असा त्याचा आशय आहे. जवळजवळ चौदाशे वर्षांपूर्वीचा हा नियम आणि आजच्या पाठ्यपुस्तकातील नियम यांत आशयाचा तसूभरही फरक नाही.

भास्कराचार्यांनी (जन्म इ. स. १११४) आपल्या ‘बीजगणित’ ग्रंथात समान जातीच्या राशींचाच योग किंवा अंतर होते, भिन्न जातींची स्थिती पृथक् राहते, हेच सूत्र पुन्हा बांधले. आपण आज वापरतो तो ‘सजातीय’ हा शब्द त्याच परंपरेचा वारस आहे. त्यांची चिन्हपद्धती मोठी मनोहर होती. पहिल्या अव्यक्ताचे नाव यावत्तावत्, म्हणजे ‘जितके असेल तितके’. पुढच्या अव्यक्तांना रंगांची नावे, कालक, नीलक, पीतक, लोहितक. लिहिताना पहिले अक्षर घ्यावयाचे : या, का, नी, पी, लो. ज्ञात संख्येसाठी ‘रूप’ म्हणून रू. ऋण संख्येच्या डोक्यावर टिंब. दोन भिन्न अव्यक्तांच्या गुणाकाराला ‘भावित’. अव्यक्तांना ‘वर्ण’ म्हणजे रंग म्हटल्यामुळे भिन्न रंग एकमेकांत मिसळावयाचे नाहीत, हे नावातूनच सुचत असे.

त्यांच्या ग्रंथातील एक उदाहरण पाहू. एकाजवळ ३०० रूपे आणि सहा घोडे आहेत. दुसऱ्याजवळ तशाच किमतीचे दहा घोडे आहेत, पण त्याच्यावर १०० रूपांचे ऋण आहे. दोघांची संपत्ती सारखी. तर घोड्याची किंमत काय? दोन्ही पक्ष एकाखाली एक असे मांडावयाचे :

या ६ रू ३००
या १० रू १०० (ऋण, म्हणून अंकावर टिंब)

‘या’खाली ‘या’ आणि ‘रू’खाली ‘रू’ आले. मांडणीनेच सजातीय पदे समोरासमोर उभी केली. आता ‘या’च्या स्तंभात १० मधून ६ वजा करता ४ राहिले. ‘रू’च्या स्तंभात ३०० मधून ऋण १०० वजा करता ४०० आले. चार घोड्यांची किंमत ४००, म्हणून एका घोड्याची १००. ताळा पाहा : ६०० + ३०० = ९०० आणि १००० − १०० = ९००. सारे समीकरण म्हणजे दोन पक्षांतील सजातीय पदांचे एकत्रीकरण होय.

अन्य देशांतही हाच विचार दिसतो. इसवी सनाच्या तिसऱ्या शतकाच्या सुमारास अलेक्झांड्रियात होऊन गेलेल्या डायोफँटसने दोन्ही बाजूंतून सजातीय पदे काढून टाकीत एका पदाबरोबर एकच पद उरेपर्यंत जावे, असा उपदेश केला आहे. नवव्या शतकात बगदादमध्ये अल्-ख्वारिज्मीने जो ग्रंथ लिहिला त्याच्या नावात ‘अल्-जब्र’ आणि ‘अल्-मुकाबला’ असे दोन शब्द आहेत. वजा असलेले पद दोन्ही बाजूंत मिळवून भरून काढणे म्हणजे जब्र, आणि दोन्ही बाजूंची सजातीय पदे समोरासमोर आणून तोडणे म्हणजे मुकाबला. पहिल्या शब्दावरून युरोपात या शास्त्राचे नावच ‘अल्जिब्रा’ पडले. दुसरा शब्द मागे राहिला, पण आपला आजचा विषय त्या दुसऱ्या शब्दाच्या अधिक जवळचा आहे. पुढे फ्रान्समध्ये व्हिएत याने १५९१ साली अक्षरचिन्हांची पद्धत मांडली. लांबीत लांबी आणि क्षेत्रफळात क्षेत्रफळच मिळविता येते, असा त्याचा कटाक्ष होता. देकार्तने १६३७ साली प्रसिद्ध केलेल्या भूमितीच्या ग्रंथात आजच्यासारखे घातांकांचे लेखन रूढ केले.

भास्कराचार्यांचे नाव घेतले म्हणजे आणखी एका गोष्टीचे स्मरण होते. चाळीसगावजवळच्या पाटण येथे शके ११२८ चा शिलालेख आहे. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघण याच्या दरबारी ज्योतिषी होता. आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्याने तेथे मठ स्थापिला आणि निकुंभ वंशातील सोइदेवाने त्यास वृत्ती लावून दिली, असे त्या लेखावरून समजते. एका गणितीच्या नावे ज्ञानदानाची व्यवस्था करावी, ही कल्पना आपल्या भूमीत आठशे वर्षांची जुनी आहे. आजची ही व्याख्यानमाला त्याच रीतीची एक लहानशी कडी म्हणावयास हरकत नाही.

५. चुका कोठून येतात?

आता वर्गात परत येऊ. ३क्ष + ५ = ८क्ष ही चूक जगाच्या पाठीवर सर्वत्र आढळते. ती आळसातून किंवा मंदबुद्धीतून येत नाही. ती अंकगणिताच्या उत्तम सवयीतून येते. पाच-सहा वर्षे मुलाने अधिक चिन्ह पाहिले की बेरीज करून एक आकडा लिहावयाचा, अशी तालीम घेतलेली असते. ३ + ५ असे लिहून थांबल्यास ‘उत्तर कोठे आहे?’ म्हणून आपणच त्याला विचारले आहे. त्यामुळे ३क्ष + ५ हे अपुरे काम आहे असे त्याला वाटते आणि ते पुरे करण्यासाठी तो ८क्ष लिहितो. येथे अधिक चिन्ह केवळ आज्ञा नसून ते दोन राशींना जोडणारा दुवाही आहे आणि ‘३क्ष + ५’ हेच संपूर्ण, सन्मान्य उत्तर आहे, हे शब्दांत सांगावे लागते. न सांगता ते कळत नाही.

दुसरे कारण लेखनाचे. ३४ मध्ये ३ आणि ४ शेजारी असले की तीस अधिक चार, आणि ३½ मध्ये तीन अधिक अर्धा. म्हणजे शेजारी लिहिणे हे आजवर बेरजेचे चिन्ह होते. एकाएकी ३क्ष म्हणजे तीन गुणिले क्ष झाले! भाषेचा हा नियम बदलला आहे, हे मुलाला कोणी सांगतच नाही.

चूक दाखविण्याचा उत्तम मार्ग लाल शाई हा नव्हे, तर किंमत घालून पाहणे हा आहे. क्ष = ७ घेतल्यास ३क्ष + ५ = २६ आणि ८क्ष = ५६. कोठे २६ आणि कोठे ५६! मूल स्वतःच मान्य करते. मात्र येथे एक सावधगिरी बाळगावी. क्ष = १ घेतले, तर ३क्ष + ५ = ८ आणि ८क्ष = ८; चूक बरोबर ठरते! तसेच २क्ष + ३क्ष = ५क्ष² ही चूकही ० आणि १ या दोन्ही किमतींना निसटून जाते. म्हणून पडताळ्यासाठी ० व १ टाळून २, ३, ७ अशा संख्या घ्याव्यात.

जिज्ञासू विद्यार्थ्यांसाठी याच्याही पुढची गोष्ट सांगतो. एकाच किमतीला दोन राशी जुळल्या म्हणून त्या सर्वत्र समान असतात असे नाही; ३क्ष + ५ = ८क्ष हे समीकरण आहे आणि क्ष = १ ही त्याची एकमेव उकल आहे. याउलट ५क्ष + ३क्ष = ८क्ष ही नित्यसमानता आहे; ती प्रत्येक किमतीला खरी ठरते. एका चलातील पहिल्या घाताच्या दोन राशी दोन भिन्न किमतींना जुळल्या तर त्या सर्वत्र जुळतात. दुसऱ्या घातापर्यंतच्या राशींसाठी तीन किमती लागतात. म्हणजे पडताळा हा नुसता अंदाज नसून योग्य तितक्या किमती घेतल्यास ती सिद्धताही होऊ शकते.

तिसरी नेहमीची चूक कंसापुढील उणे चिन्हाची. ५(२क्ष − ३) − २(क्ष − ७) या राशीत दुसरा कंस सोडविताना अनेक मुले −२क्ष − १४ लिहितात. वास्तविक −२ ने कंसातील दोन्ही पदांना गुणावयाचे आहे आणि −२ गुणिले −७ म्हणजे +१४. म्हणून

१०क्ष − १५ − २क्ष + १४ = ८क्ष − १.

क्ष = ३ घालून पाहा : मूळ राशी १५ + ८ = २३, आणि सरळ रूप २४ − १ = २३.

६. याचा उपयोग काय?

सरळ रूप देण्याचा हेतू केवळ गुण मिळविणे हा नाही. सरळ रूपात जे लपलेले असते ते दिसू लागते. भिंतीवरच्या दिनदर्शिकेतील कोणत्याही महिन्यात तीन ओळी व तीन स्तंभ मिळून नऊ तारखांचा एक चौकोन निवडावा. मधली तारीख द मानली, तर तिच्या डाव्या-उजव्या बाजूस द − १ व द + १, वर-खाली द − ७ व द + ७, आणि कोपऱ्यांत द − ८, द − ६, द + ६, द + ८ येतात. साऱ्यांची बेरीज करताना ±१, ±६, ±७, ±८ परस्परांना छेदतात आणि उरतात ९द. मधली तारीख १७ असेल तर बेरीज १५३. नऊ आकडे न मिळविता उत्तर मिळाले आणि ते दर महिन्याला, दर चौकोनाला खरे आहे. एखाद्या जिज्ञासू मुलाला हे घरी करून दाखवा. त्याला ती जादू वाटेल. मग कारण दाखवा. ते जादूपेक्षाही अधिक आवडेल.

दोन अंकी संख्या आणि तिचे अंक उलटून मिळणारी संख्या यांची बेरीज नेहमी ११ ने भागली जाते, हेही असेच. (१०अ + ब) + (१०ब + अ) = ११अ + ११ब = ११(अ + ब). एका ओळीत सर्व दोन अंकी संख्यांविषयीचे विधान सिद्ध झाले. उदाहरणे कितीही घेतली तरी ती उदाहरणेच राहतात. सजातीय पदे एकत्र केली म्हणजे सिद्धता होते.

हाच विचार पुढे सर्वत्र भेटतो. ३√२ + ५√२ = ८√२ होतात, √२ + √३ मात्र तसेच राहतात. अपूर्णांकांत १/२ आणि १/३ थेट मिळविता येत नाहीत. ३/६ व २/६ केले की ५/६ होतात. आपल्या प्राचीन गणितात या क्रियेला ‘सवर्णन’, म्हणजे एका वर्णाचे करणे, असे नाव आहे. विजातीयांना सजातीय करून घेण्याची ती युक्ती होय. पदार्थविज्ञानात मीटरमध्ये सेकंद मिळविता येत नाहीत, हेही त्याच नियमाचे दुसरे रूप.

आज संगणक कितीही लांब राशीला क्षणार्धात सरळ रूप देतो. मग मुलांनी हे का शिकावे, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर असे की, कोणत्या राशी मिळवाव्यात हे माणसाने ठरवावे लागते आणि आलेले उत्तर संभवनीय आहे की नाही हेही माणसानेच पाहावे लागते. ज्याला ३क्ष + ५ आणि ८क्ष यांतील भेद मनोमन कळला आहे, त्यालाच यंत्राचे उत्तर तपासता येईल.

शिक्षक बंधुभगिनींना अखेरीस एवढीच विनंती आहे की, या प्रकरणाला घाई करू नये. पहिल्या आठवड्यात उदाहरणे थोडी कमी झाली तरी चालतील, पण प्रत्येक मुलाने आपल्या प्रत्येक उत्तरात किंमत घालून पडताळा पाहण्याची सवय लावून घ्यावी. उत्तर बरोबर की चूक हे गुरुजींच्या चेहऱ्यावर न पाहता स्वतः ठरविता येते, हा अनुभव मुलाला निर्भय करतो. आणि विद्यार्थी मित्रहो, तुम्हांला सांगावयाचे ते असे की, क्षला भिऊ नका. तो तुमच्यासारखाच आहे. आज त्याची किंमत कोणाला ठाऊक नाही, पण ती आहे, आणि नीट मांडणी केली की ती कळते.